तारेने बांधलेले सूप

सोलापूरच्या पूर्व भागातील विडी कामगार महिलांच्या मुलींवर माहितीपट करताना चित्रीकरणापेक्षा संमती घेण्यातच माझे अधिक दिवस गेले, आणि त्यातले पहिले काही तर माझ्याच अडाणीपणामुळे वाया गेले. दोन पानी मराठी संमतिपत्र घेऊन मी एका घरी गेले, तर घरातली बोली तेलुगू. मांडीवरचे सूप न हलवता, तेंदूचे पान कात्रीने कापता कापता त्या घरच्या आईने विचारले, "ताई, ही सही फंडाच्या कागदाची का?" मी कागद पिशवीत घातला. पुढच्या खेपेस तेलुगू बोलणारी सहकारी सोबत नेली, प्रत्येक मुद्दा तोंडी समजावला आणि आईचा होकार कॅमेऱ्यावरच नोंदवला. तोही दिवसाच्या हजार विड्या पुऱ्या होत आल्यावर, कारण त्याआधी तिला मान वर करायला सवड नसे.

तिच्या 16 वर्षांच्या मुलीचे ठरलेले लग्न कोणीतरी 1098 या मुलांसाठीच्या मदत क्रमांकावर कळवल्यामुळे थांबले होते. मुलगी चेहरा दाखवून बोलायला तयार होती, आईचीही हरकत नव्हती, आणि खरे सांगायचे तर मी मनातून खूश होते. मात्र 2015च्या बाल न्याय अधिनियमानुसार कमी वयात लग्न होण्याचा धोका असलेली मुलगी काळजी व संरक्षणाची गरज असलेले बालक ठरते, आणि कलम 74 अन्वये अशा बालकाचे नाव, पत्ता, शाळा किंवा ओळख पटेल असा कोणताही तपशील माध्यमांतून उघड करता येत नाही. बालकाच्या हिताचे असेल तरच बालकल्याण समिती तशी लेखी परवानगी देऊ शकते; पालकांची संमती त्यासाठी पुरत नाही. मी परवानगी मागितली नाही, कारण चित्रपट संपल्यावर मी निघून जाणार होते आणि तिला त्याच गल्लीत राहायचे होते. हे सांगितल्यावर ती म्हणाली, "मी काय चूक केली म्हणून तोंड लपवायचं?" माझ्याकडे उत्तर नव्हते.

शेवटी फक्त हात, पाने आणि दोरा टिपला आणि कच्चे संकलन त्या मायलेकींनाच आधी दाखवले. पहिल्याच दृश्याला आई हसली. तिच्या सुपाची एक कड तुटलेली होती आणि ती तांबड्या तारेने बांधलेली होती. दुपारी गल्लीतल्या बायका एकत्र विड्या वळायला बसतात, तेव्हा ते सूप कोणाचे हे कोणाला सांगावे लागत नाही. चेहरा झाकल्याच्या समाधानात माझ्या ते ध्यानातच आले नव्हते. ती सगळी दृश्ये काढून दुसऱ्या वस्तीत, दुसऱ्या सुपावर पुन्हा चित्रित केली, आणि मुलीचे बोलणे एका प्रौढ अभिनेत्रीकडून वदवून घेतले.

मुलीने कानाला हेडफोन लावून ते पूर्ण ऐकले आणि एकच दुरुस्ती सुचवली. "मी रडले असं म्हटलं नव्हतं, चिडले म्हटलं होतं." ते वाक्य आम्ही दुसऱ्याच दिवशी पुन्हा ध्वनिमुद्रित केले.