पेडलो, पडलो आणि आईचं पायडल

ठाण्यात तलावपाळीच्या तिकीट खिडकीशी टाचा उंचावून माझ्या नऊ वर्षांच्या लेकीनं मागितलं, "काका, एक पेडलो द्या ना."

खिडकीतल्या काकांनी आधी तिच्याकडे बघितलं, मग माझ्याकडे. "काय म्हणतेय पोरगी?"

मी तोंड उघडायच्या आत मागून आई पुढे झाली. "अहो, पायडलची बोट पाहिजे. चार जणांची." काकांनी लगेच तिकीट फाडलं आणि सुट्ट्या पैशांसाठी खण उघडला.

बोटीकडे जाताना लेकीनं आजीचा पदर ओढला. "आजी, पायडल नाही गं. पेडल." आई नुसती हसली. मला मात्र ते वाक्य लागलं. हेच वाक्य, याच सुरात, मी आईला पस्तीस वर्षांपूर्वी ऐकवलेलं आहे. सुट्टी संपवून लंडनच्या हॅरोला परत आले की पहिलं लिखाण याच शब्दावर करायचं, हे मी तिथं धक्क्यावरच ठरवून टाकलं.

आधी 'पेडलो'बद्दल सांगते. इंग्लंडमध्ये तळ्यावर किंवा समुद्रकाठी पायानं चालवायची सहलीची होडी तासाच्या हिशोबानं भाड्यानं मिळते, तिचं हे नाव. लंडनच्या हाइड पार्कात सर्पेंटाइन नावाचं तळं आहे, १७३० साली राणी कॅरोलाइनच्या हौसेखातर तयार केलेलं. तिथं वल्ह्यांच्या होड्यांच्या शेजारीच या पेडलो बांधलेल्या असतात. वल्ह्यांची होडी घेणाऱ्याला थोडंफार वल्हवता यावं लागतं. पेडलोला काहीच यावं लागत नाही, सायकल येत नसली तरी चालतं. बसायचं, पाय मारायचे, मधला दांडा डावी-उजवीकडे फिरवायचा. ना मासे पकडायचे, ना पैलतीरी जायचं. इंग्रज माणूस 'पेडलो' म्हणतो तेव्हा त्याच्या डोळ्यांसमोर सुट्टीच येते. ऊन, आइस्क्रीम, स्पेनचा नाहीतर ग्रीसचा किनारा आणि मागच्या सीटवर कुरकुरणारी मुलं.

उच्चार सरळ आहे, पहिल्या अक्षरावर जोर देऊन 'पेडलो'. मराठी कानाला हा शब्द नावासारखा वाटतच नाही, क्रियापदासारखा वाटतो. पडलो, बुडलो, दमलो, पेडलो. माझ्या लेकीनं तर ते क्रियापद करूनच टाकलंय. ती घरी सांगते, "आम्ही आज पेडलो." एकटी असली तर "मी पेडले", आणि बाबा काठावर फोनवर बोलत बसला असेल तर "बाबा पेडलाच नाही." तिला व्याकरण कुणी शिकवलेलं नाही. परदेशात वाढणाऱ्या मुलांचं मराठी सुटत चाललंय असं आपण म्हणतो, पण परक्या शब्दाला आपले प्रत्यय बिनचूक लावणारं मूल त्या भाषेच्या आत राहत असतं, असं मला मनापासून वाटतं.

हा शब्द मूळचा इंग्रजांचाही नाही. त्यांनी तो फ्रेंचांकडून घेतला. तिकडे तो १९३०च्या दशकात आला, तोही एक नोंदणीकृत व्यापारी नाव म्हणून. आपल्याकडे कुठल्याही वनस्पती तुपाला डालडा म्हणतात, तसं कुणाचीही पायानं चालणारी होडी पेडलो झाली. फ्रान्समध्ये कामगारांना वर्षाला दोन आठवड्यांची भरपगारी रजा देणारा कायदा १९३६चा, म्हणजे त्याच दशकातला. समुद्रावर सुट्टीला जाणं ज्या काळात साध्या माणसाच्या आवाक्यात येऊ लागलं, त्याच काळातली ही होडी आणि त्याच काळातला हा शब्द. त्याला सुट्टीचा वास येतो तो उगीच नाही.

क्रिकेटवाल्या वाचकांना हा शब्द वेगळ्या वाटेनं माहीत असेल. २००७च्या विश्वचषकात न्यूझीलंडकडून हरल्यावर इंग्लंडचा अँड्र्यू फ्लिंटॉफ सेंट लुशियामध्ये रात्री दारूच्या नशेत पेडलो घेऊन समुद्रात गेला. त्याला पाण्याबाहेर काढावं लागलं, उपकर्णधारपद गेलं आणि पुढच्या सामन्यातून त्याला वगळलं. इंग्रजी वर्तमानपत्रांनी त्याच्या 'फ्रेडी' या नावाला होडी जोडून 'फ्रेडलो' असा शब्द पाडला. वानखेडेवर शर्ट काढून पळणारा तो हाच. इथल्या लोकांसमोर 'पेडलो' म्हटलं की आजही कुणीतरी त्याची आठवण काढतंच.

अटलांटिक ओलांडला की मात्र या शब्दाची ओळख संपते. माझा मामेभाऊ बॉस्टनजवळ राहतो. त्याला फोनवर "आम्ही पेडलो घेतली" म्हटलं, तर त्याला वाटलं काहीतरी खायची वस्तू आहे. तिकडे पेडल बोट म्हणतात, किंवा पॅडल बोट. आणि बॉस्टनकरांची खरी शान म्हणजे तिथल्या पब्लिक गार्डनमधल्या हंसांच्या होड्या. त्या १८७७पासून चालू आहेत आणि अजूनही त्याच पॅजेट घराण्याकडे आहेत. दोन तरंडांवर बाकं टाकलेली, सगळ्यात मागे एक मोठा पांढरा हंस आणि त्या हंसाच्या पोटात बसून एकच माणूस पाय मारतो. बाकीची मंडळी आरामात बसलेली. ही कल्पना पहिल्या पॅजेटना एका ऑपेरावरून सुचली. त्यात एक वीर आपल्या प्रियेला वाचवायला हंसानं ओढलेल्या नावेतून येतो.

पेडल आणि पॅडल यांचा गोंधळ मात्र आपल्यालाही नडतो. आपण दोन्हीला 'पॅडल'च म्हणतो ना. इथं आले त्या पहिल्या उन्हाळ्यात, उत्तरेकडच्या एका तळ्यावर मी ऐटीत "पॅडल बोट" मागितली. खिडकीतल्या मुलीनं माझ्या हातात दोन वल्ही दिली आणि कनू नावाच्या एका अरुंद होडीकडे बोट दाखवलं. तिचं काही चुकलं नव्हतं. इंग्रजीत पॅडल म्हणजे होडीला न अडकवता नुसतं हातात धरायचं वल्हं. शिवाय इथला माणूस पॅडल करायला जातो म्हणतो, तेव्हा तो पँट घोट्याच्या वर दुमडून समुद्राच्या उथळ पाण्यात अनवाणी चालायला जातो. एक शब्द हाताचा, एक पायाचा, आणि हाताच्या शब्दाच्या दुसऱ्या अर्थात पुन्हा पायच. त्यातून आपल्या बोटीच्या पोटात जे फिरतं त्या पात्यांच्या चाकालाही पॅडलच म्हणतात. म्हणजे पेडल मारलं की पॅडल फिरतं. मग माणसांची सरमिसळ होणारच.

ऑफिसात जेवणाच्या वेळी मी हा विषय काढला, तर अर्धा तास कुणी जागचं हललं नाही. डच सहकारी म्हणाली, आमच्याकडे हिला पाण्यावरची सायकल म्हणतात, वॉटरफीट्स. हंगेरीचा म्हणाला, आमच्याकडेही सायकलच, वीझीबित्सिक्ली. त्यांच्याकडे बालाटोन नावाचं अवाढव्य सरोवर आहे, तिथं त्याचं सगळं बालपण गेलेलं. जर्मन बाईंनी ट्रेटबोट सांगितलं. त्यात 'ट्रेटन' म्हणजे पाय देणं, तुडवणं, लाथ मारणंसुद्धा. पोर्तुगालची मुलगी म्हणाली, आम्ही तिला सरळ 'गाइवोटा' म्हणतो, म्हणजे सीगल पक्षी. कुणाला त्या होडीत सायकल दिसली, कुणाला पाय, कुणाला पाखरू.

पाखरावरून जपान आठवलं. तिथं याच होड्यांना हंसाचा आकार देतात आणि 'स्वान बोट' म्हणतात. टोकियोच्या इनोकाशिरा उद्यानात तळ्याकाठी बेंझाइतेन देवीचं देऊळ आहे आणि लोकांचा समज असा की प्रेमिकांनी तिथं होडीत बसलं तर देवी मत्सरानं त्यांची ताटातूट करते. ही बेंझाइतेन म्हणजे आपली सरस्वती, बौद्ध धर्माबरोबर चीनमार्गे तिथं पोचलेली. हंसाची होडी आणि काठावर सरस्वती! ठाण्याच्या माणसाला यात नवल वाटायचं कारण नाही. आपल्याही तळ्याकाठी कौपिनेश्वर आहे आणि होडीत बसायच्या आधी आई त्या दिशेला हात जोडते.

आता पायडलाकडे येते. खरं बोलायचंय ते त्याच्याबद्दल.

आम्ही नौपाड्यात राहायचो. आईची पायाची शिलाई मशीन खिडकीखाली होती. फॉल-बिडिंग, परकर, ब्लाउज, शाळेचे युनिफॉर्म, सगळं त्या मशीनवर. तिच्या खालच्या लोखंडी जाळीला आई पायडल म्हणायची. सायकलच्या त्या दोन रबरी तुकड्यांनाही पायडलच. सहावीत असताना शाळेच्या वहीत मी सायकलच्या भागांची नावं लिहिताना पायडल लिहिलं आणि लाल शाईनं काट बसली. वर्गात शब्द मोठ्यांदा वाचला गेला, मुलं हसली. त्या संध्याकाळी दोन मैत्रिणी घरी होत्या. आई म्हणाली, "पायडलला तेल घालायला हवंय," आणि मी त्यांच्यादेखत फटकन बोलले, "आई, पायडल नाही, पेडल." त्यानंतर कितीतरी दिवस माझ्या मैत्रिणींसमोर आई त्या जाळीला 'हे खालचं' म्हणायची. ते 'हे खालचं' मी विसरलेले नाही.

आणि शब्दाचा इतिहास बघायला गेलं तर काय निघतं? पेडल हा शब्द लॅटिनमधल्या पायाच्या शब्दापासून आलेला आहे. त्याचा मूळ धागा आपल्या संस्कृत पद-पाद यांच्याशी जुळतो, एकाच कुळातला. पाद म्हणता म्हणता प्राकृतात द गळाला आणि आपला पाय उरला. फारसीतही पाय म्हणजे पायच, म्हणून पायजमा. इंग्रजीचा फूटसुद्धा त्याच घरातला. म्हणजे आपल्या लोकांनी पेडल हा परका शब्द ऐकला, त्यात त्यांना पाय दिसला आणि त्यांनी पायडल केलं. त्यांचा डोळा चुकला नव्हता. त्यात पाय होताच! हजारो वर्षांपूर्वी वेगळे झालेले दोन भाऊ एका सायकलच्या दुकानात भेटले आणि गल्लीतल्या माणसांनी त्यांना चेहऱ्यावरून ओळखलं, तसं हे आहे.

इंग्रजीत पेडल आलं तेच मुळी वाद्याबरोबर, चर्चमधल्या ऑर्गनचा पायानं दाबायचा दांडा म्हणून. सायकल दोनशे वर्षांनंतरची. आणि या ऑर्गनचा धाकटा भाऊबंद आपल्या संगीत नाटकात आला, तेव्हा मराठीनं त्याला काय नाव दिलं? पायपेटी. तलावपाळीवरच उभ्या असलेल्या गडकरी रंगायतनमध्ये आजोबांनी मला पहिल्यांदा पायपेटी दाखवली होती, त्यामुळे माझ्या डोक्यात हे दोन्ही पाय एकाच काठावर आहेत. पायपेटी, पायवाट, पायरी, पायदळ, पायमशीन, पायडल. ही सगळी आपली घरची माणसं. कुणाच्या वहीतलं पायडल आता कुणी लाल शाईनं खोडत असेल, तर त्यांनी हात आवरावा ही माझी कळकळीची विनंती आहे. शुद्धलेखन शिकवा, पण हसू नका.

त्या दिवशी बोटीत मी हे सगळं लेकीला सांगितलं. ऐकताना ती सीटच्या अगदी कडेला घसरून बसली होती, कारण तिचे पाय पुरत नव्हते. पुढच्या दोन सीटवर आई आणि नवरा, मागे आम्ही दोघी. अशा बोटीत दोघांची पायडलं एकाच आसावर असतात. एकानं मारलं की दुसऱ्याचंही फिरतं, आणि दोघांचा ताल जमला नाही तर गुडघ्याला झटके बसतात. नवरा पहिल्या पाच मिनिटांत जोर करून दमला. मग आईनं चपला सीटखाली सरकवल्या, निऱ्या गुडघ्यांत धरल्या आणि एका लयीत सुरू झाली. ना घाई, ना झटका. टाच, चवडा, टाच, चवडा. तीस वर्षं मशीनवर बसलेले पाय ते. बोटीच्या मागं पाण्याची सरळ रेघ उमटत होती आणि बहात्तर वर्षांची माझी आई बोलता बोलता चर्चच्या बाजूचा अख्खा काठ फिरवून आणत होती.

लेक बराच वेळ तिच्या पायांकडे वाकून बघत राहिली. मग तिनं विचारलं, "आजी, तू हे कुठं शिकलीस?"

"मशीनवर."

"मशीनला पण पायडल असतं?"

"असतं तर. माळ्यावर आहे अजून, घरी गेल्यावर दाखवते."

तेवढ्यात काठावरून शिट्टी झाली. आमची वेळ संपली होती आणि धक्का बराच लांब होता. नवऱ्यानं पुन्हा पाय लावले, आईनं सुकाणू लेकीच्या हातात दिलं. लेकीनं जीभ बाहेर काढून, दोन्ही हातांनी दांडा घट्ट धरून बोट वळवली. थोडी जास्तच वळवली, मग परत आणली. धक्क्यावरच्या मुलानं दोरी टाकली.

उतरताना आईनं माझा खांदा धरला. "पाय भरून आले गं. पण आज किती वर्षांनी..."

"पेडलो," लेक म्हणाली.

"हो, पेडलो," आई म्हणाली. "उद्या परत पेडू. पण आधी मला चपला दे त्या सीटखालच्या."