मोजे, ३६ नंबर

जर्मन माणूस कागद फेकत नाही. ही तक्रार मी आधीही केली आहे, पुन्हा करते. विजेचं बिल, त्याचा लिफाफा, लिफाफ्यातली जाहिरात, सगळ्याला भोकं पाडून फायलीत लावायचं. खालच्या मजल्यावरच्या आजींचं तळघर आवरायला गेले (आजी मनातल्या मनात, तोंडावर आडनावानंच हाक मारावी लागते), तर भिंतभर फायली, वर्षवार. वैतागून विचारलं, "१९६३ टाकू ना?" त्यांनी फाईल हिसकावलीच.

आत कोळशाच्या पावत्या आणि त्यांच्यामध्ये पेन्सिलीनं केलेली यादी. कॉफी, संत्री, लोकरीचे मोजे, ३६ नंबर.

बेर्नाउअर श्ट्रास हा बर्लिनमधला रस्ता आमच्यापासून पाच मिनिटांवर. तिथे तेव्हा एका बाजूची घरं पूर्व बर्लिनमध्ये आणि त्यांच्या दारातला फुटपाथ पश्चिमेत. १३ ऑगस्ट १९६१ला मध्ये बर्लिनची भिंत घालायला सुरुवात झाली, त्यानंतर लोकांनी खिडक्यांतून उड्या टाकल्या, मग खिडक्याही विटांनी बुजवल्या. आजी या बाजूला. आईवडील आणि धाकटी बहीण पलीकडे, दोन गल्ल्या आत. फोन करावा तर शहराच्या दोन भागांतल्या लाइनी १९५२ सालीच तोडलेल्या. १९६३च्या नाताळात पश्चिमेकडच्यांना नातेवाइकांकडे जायला पहिल्यांदा पास मिळाले. कडाक्याच्या थंडीत रांगा. एका दिवसाचा पास, रात्री परत.

"मग? काय बोललात?"

"मोजे होईनात," त्या म्हणाल्या. बहीण बारा वर्षांची असताना दुरावली होती, आता चौदाची. पाय वाढले होते.

घरी येऊन आईला फोन लावला. मला कुणी अडवलेलं नाही, मान्य. पण तिकिटं काय भाव झालीत, आणि रजा साठवून साठवून किती साठवणार? व्हिडिओवर तर रोज दिसतेच की मी.

खरं तर फोन वेगळ्याच कारणासाठी होता. आमचे कराचीवाले आजोबा, म्हणजे पणजोबांचे भाऊ. फाळणीनंतर इकडे आले की तिकडेच राहिले, घरात धड कुणाला सांगता येत नाही. पण आमच्याकडे फायली नसल्या म्हणून काय झालं, भांड्यांवर नावं असतात! माळ्यावरच्या पितळी डब्यावर त्यांचं नाव आणि खाली 'कराची' असं ठोकून घातलेलं मी लहानपणी बोटानं वाचलंय. सालही होतं. तेवढंच हवं होतं.

"तो डबा होय?" आई म्हणाली. "ओटा नवा केला तेव्हा मोडीत दिला. चांगला वजनदार होता हो. कुकर आला त्यात."