रडीचा डाव

रविवारी भाच्याबरोबर सापशिडी खेळत होते. स्वारी साडेपाच वर्षांची. साप गिळणार असं दिसलं की तो बोटाने फासा हळूच उलटा करतो. मी बघून न बघितल्यासारखं करते, मावशीने एवढं चालवून घ्यायचंच असतं. पण मी चौऱ्याण्णववर असताना मला चार पडले. अठ्ठ्याण्णववर साप. दिवसभर खेळून कंटाळले होते, गपचूप पाच घरं पुढे गेले.

"मावशी, रडीचा डाव! खाली जा."

"आणि मघाशी तू केलंस ते?"

"मी लहान आहे."

मला आधी ही शुद्ध लबाडी वाटली. मग मुलांच्या विचारांचा अभ्यास करणारा मानसशास्त्रज्ञ झां पियाजे आठवला. गोट्या खेळणाऱ्या मुलांना तो विचारायचा, हे नियम कुणी केले, बदलता येतील का? 1932 साली त्याने जे मांडलं ते आमच्या घरात जसंच्या तसं चालू होतं: लहानग्यांना नियम मोठ्यांकडून आलेले, अढळ वाटतात आणि खेळताना तेच ते सर्रास मोडतात. दहा-अकराची मुलं म्हणतात, सगळ्यांनी ठरवलं तर बदलू. आणि पाळतातही तीच.

म्हणजे याला अजून चांगलं-वाईट कळतच नाही? तसंही नाही. एलियट ट्युरिएल या मानसशास्त्रज्ञाने मुलांना विचारलेल्या प्रश्नांच्या धर्तीवर मी विचारलं, "बाई हो म्हणाल्या तर तास चालू असताना वर्गात फिरायचं?"

"हो."

"आणि बाई हो म्हणाल्या तर शेजारच्याला चिमटा काढायचा?"

"नाही."

"अरे, बाईच म्हणाल्यात ना!"

"पण त्याला दुखेल." माझ्याकडे त्याने असं बघितलं, जणू मीच साडेपाच वर्षांची आहे.

तीन-चार वर्षांची मुलंही हा फरक करतात, हे वाचलेलं होतं. समोर ऐकताना मात्र जरा वरमले. चौथीत मी मैत्रिणीचं खोडरबर ढापलं होतं. आईने परत द्यायला लावलं, तेव्हा फक्त आईची भीती वाटली. मैत्रीण आठवडाभर बोटाला थुंकी लावून खोडत होती आणि तिची वही फाटली होती, हे नंतर कळलं. पोटात ढवळलं ते तेव्हा.

तेवढ्यात भाच्याने नवा नियम काढला. लहान माणसाला एकदा फासा परत टाकता येतो.

"आणि मोठ्यांना?"

बराच वेळ विचार झाला. "बरं. तुला पण एकदा."

पुढच्या डावात मी तो लगेच वापरला. परत तोच आकडा पडला, गेले खाली.