ट्रकचं नाक कुठे गेलं?

शनिवार, रात्री उशिरा

संध्याकाळी भाच्यासोबत २००७चा ‘ट्रान्सफॉर्मर्स’ पुन्हा पाहिला. ऑप्टिमस प्राइम ट्रकचा रोबो होऊन उभा राहतो तिथे भाचा ओरडला, “मामा, थांबव! ट्रकचं नाक कुठे गेलं?” मागे घेऊन सावकाश पाहिलं, तरी पत्ता लागला नाही. संगणकावर या एका रोबोला दहा हजारांहून जास्त सुटे भाग दिले होते, डोळा कुठवर पुरणार?

ज्या खेळण्यांवरून हा सिनेमा आला, त्या मूळ खेळण्यात सगळं सापडतं. पुढच्या काचांची छाती होते, चाकं पायांवर येतात, केबिनमध्ये दडलेलं डोकं वर येतं. मुठी तेवढ्या वेगळ्या बसवायच्या, त्या हमखास हरवायच्या. कुठला भाग कुठे जातो हे बोटांना पाठ असायचं. खरी गंमत त्यातच होती, आणि दिग्दर्शक मायकेल बेच्या या सिनेमात नेमकी तीच निसटली असं मला वाटतं.

ऑप्टिमसचा जुना ट्रक चपट्या तोंडाचा. सिनेमात लांब नाकाचा पीटरबिल्ट आला, कारण जेवढी मोठी गाडी तेवढाच मोठा रोबो उभा करायचा, असं ठरलं होतं. चपटा ट्रक घेतला असता तर नायक ठेंगणा झाला असता. खलनायक मेगाट्रॉन खेळण्यात पिस्तूल व्हायचा, त्याच हिशेबाने तेही गेलं. एवढा राक्षस मुठीत मावणार कसा? हे मला पटतं. ऑप्टिमसचा छोटा साथीदार बंबलबी, त्याची पिवळी बीटल ही छोटी गाडी काढून कॅमॅरो ही स्पोर्ट्स कार दिली, ते मात्र अजूनही नाही पटत. सगळ्यांत लहान, सगळ्यांत जिवलग असलेल्याला लहानच गाडी हवी. २०१८च्या ‘बंबलबी’ सिनेमात दिग्दर्शक ट्रॅव्हिस नाइटने बीटल परत आणली. गोष्ट १९८७ सालची, आणि रोबोंचे आकारही सुटसुटीत, ओळखीचे. तो सिनेमा मला कितीतरी जास्त आवडतो.

जपानच्या ताकारा कंपनीची ही खेळणी आधी नुसती यंत्रं होती, आत माणूस बसून चालवायची. १९८४मध्ये हॅसब्रो या खेळण्यांच्या कंपनीने ती अमेरिकेत आणली, मार्व्हल कॉमिक्सच्या लेखकांनी त्यांना नावं दिली, स्वभाव दिले. १९८६च्या कार्टूनपटात, नवीन खेळण्यांना जागा करायची म्हणून, ऑप्टिमसला मारलं, तर थिएटरात पोरं रडली. पुढच्या वर्षी त्याला जिवंत करावं लागलं. प्लॅस्टिक आणि पत्र्यासाठी कोण रडतं?

२००७मध्ये ऑप्टिमसच्या आवाजाला पुन्हा पीटर कलनलाच घेतलं, हे फार बरं झालं. १९८४च्या कार्टून मालिकेतला आवाज याच माणसाचा. व्हिएतनाममध्ये लढून आलेल्या त्याच्या थोरल्या भावाने त्याला सांगितलं होतं, नायक व्हायचं तर आरडाओरडा नको, मृदू राहता येईल एवढी ताकद अंगात असू दे. कलनने तो आवाज भावावरूनच बेतला. आजही ऑप्टिमस बोलायला लागला आणि भाच्याची चुळबुळ थांबली.