मठाच्या तळघरात बार आणि बुरुजात खोल्या: वेल्समधलं लॅन्थोनी

वेल्समध्ये राहायला आल्यापासून किल्ले बरेच बघून झाले, पण घरून कोणी आलं की मी आधी घेऊन जाते ते लॅन्थोनी प्रायरीला, म्हणजे एका जुन्या ख्रिस्ती मठाच्या अवशेषांना. ॲबरगेव्हनीच्या पुढे ब्लॅक माउंटन्समध्ये शिरलं की रस्ता एका गाडीपुरता उरतो, दोन्ही बाजूला उंच झुडपं, समोरून ट्रॅक्टर आला तर दोघांपैकी एकाने रिव्हर्स घ्यायचा, आणि मग एकदम खोऱ्यात मधोमध छप्पर नसलेलं भलंमोठं चर्च दिसतं. कमानींची एक अख्खी रांग अजून उभी आहे आणि त्या कमानींतून थेट पलीकडचा डोंगर दिसतो. तिकीट नाही, कुरणात पाय पसरून बसा.

1100 च्या सुमारास विल्यम द लेसी नावाचा नॉर्मन सरदार इथे शिकारीला आला, त्याला संत डेव्हिडचं पडकं चॅपल सापडलं आणि तो शस्त्रं सोडून इथेच राहिला अशी कथा आहे. 1118 पर्यंत ऑगस्टिनियन पंथाचा मठ झालासुद्धा. पण 1135 मध्ये पहिला हेन्री राजा गेला आणि वेल्श लोक उठले, तेव्हा हल्ल्यांना कंटाळून बहुतेक मंडळी ग्लॉस्टरला गेली, तिथे त्याच नावाचा दुसरा मठ काढला. आज दिसतं ते चर्च त्यानंतरचं, साधारण 1180 ते 1220 च्या काळातलं, लेसी घराण्याच्याच पैशातून. आठव्या हेन्रीच्या वेळी 1538 मध्ये मठ बंद पडला तो कायमचाच.

हॉटेल आहे ते या अवशेषांना चिकटूनच, मठाच्या पश्चिमेकडच्या भागात, जिथे मठाचे प्रमुख राहायचे. अठराव्या शतकाच्या शेवटी एका मालकाने तिथे शिकारीला आल्यावर राहायचं घर केलं होतं. बार तळघरात, डोक्यावर दगडी कमानींचं बुटकं छत, जाड भिंती, बाहेर ऊन असलं तरी आत गारवा. आपण सूप आणि ब्रेड घेऊन बसतो त्या छताला आठेकशे वर्षं झालीत हे मला दर वेळी नव्याने जाणवतं. बुरुजातल्या खोल्यांना जायला दगडी गोल जिना आहे, इतका अरुंद की मोठी सूटकेस नेऊच नका, पायऱ्या मधे झिजून खोलगट झाल्यात. आईचे गुडघे दुखतात तरी ती भिंतीला हात लावत, थांबत थांबत वर गेली, आणि खिडकीतून खाली कमानी बघून म्हणाली, "अगं, हे लोक इथे मुक्कामाला देतात?"

हो ना, देतात! मला हेच फार आवडतं. पडलेलं परत बांधून चकाचक केलं नाही, नुसतं आणखी पडू नये एवढी निगा राखली, आणि बाजूला माणसांचं खाणंपिणं, झोपणं चालू ठेवलं. शेजारच्या छोट्या चर्चमध्ये अजून प्रार्थना होते. 1188 मध्ये जेराल्ड ऑफ वेल्स नावाचा धर्मगुरू-लेखक या भागातून फिरला, त्याने लिहिलंय की मठात बसून वर बघितलं की डोंगरमाथ्यावर हरणं चरताना दिसतात. आता मेंढ्या दिसतात, डोंगर तेच.

पायात जोर असेल तर मागच्या हॅटरल रिजवर चढा, वरून इंग्लंड-वेल्स सीमेलगतची ऑफाज डाइक ही लांब पायवाट जाते आणि पूर्वेला इंग्लंड पसरलेलं दिसतं. खोल्या मोजक्याच आहेत तेव्हा बुकिंग लवकर करा, आणि हिवाळ्यात बार उघडा आहे का ते आधी विचारूनच निघा.