त्याच्यात तुमचं तोंड तं नाहीच ना

कोजागिरी होऊन चार दिवस झाले, तरी ते वाक्य डोक्यातून जात नाही. "काकू, त्याच्यात तुमचं तोंड तं नाहीच ना, मंग काऊन मनाला लावून घेता?"

पिंट्या खोटं बोलला नाही. व्हिडिओतलं तोंड त्याच्या लाडक्या हिरॉईनचं आहे. बाकी सगळं माझं. कोजागिरीला पोरींनी ओढलं म्हणून मीही भुलाबाईपुढं टिपऱ्या खेळले, मोठीनं व्हिडिओ काढून ग्रुपवर टाकला. पिंट्यानं एआयनं त्यातलं तोंड तेवढं बदललं आणि आपल्या पेजवर चढवला. फिरत फिरत तो परत आमच्याच ग्रुपवर आला, तर मला आधी ओळखूही आला नाही. किती छान खेळते ही, म्हणून पाहत बसले. मग हात दिसला. आदल्या दिवशीच सीतादही, म्हणजे पहिल्या वेचणीची शेतातली पूजा, करून कापूस वेचायला हात लावला होता, बोंडाच्या टोकांनी उजव्या मनगटावर तीन ओरखडे उठलेले. त्या गुळगुळीत चेहऱ्याखाली माझं ओरखडलेलं मनगट टिपरी धरून फिरत होतं.

आणि क्षणभर मला बरं वाटलं. तेच सलतंय. किती जणांनी "मस्त" लिहिलं होतं! खेळणारी तर मीच. पण तोच खेळ माझ्या तोंडानिशी त्याच ग्रुपवर आला होता, तेव्हा दोघांनी हात जोडले, बस. ह्यांना सांगितलं नाही. सांगून तरी काय.

२०२३ च्या नोव्हेंबरात दुसऱ्याच बाईच्या अंगावर रश्मिका मंदानाचं तोंड लावलेला तो लिफ्टमधला व्हिडिओ पसरला, तेव्हा मीच पिंट्याला म्हटलं होतं, बिचारीचं तोंड चोरलं रे. ज्या बाईचं अंग होतं, ती माझ्या मनातही आली नाही. तिनं आपला व्हिडिओ आपल्या हौसेनं टाकला होता. त्या नकली व्हिडिओत सुरुवातीला निमिषभर तिचा खरा चेहरा दिसून जातो आणि मग पुसला जातो. पुढच्या जानेवारीत दिल्ली पोलिसांनी ज्याला पकडलं, तो रश्मिकाचाच चाहता निघाला, तिच्या नावानं पेज चालवणारा. फॉलोअर वाढावेत म्हणून केलं होतं.

पिंट्याच्या मनातही पाप नव्हतं. त्याला ती आपल्या अंगणात खेळताना पाहायची होती. माया आहे त्याची तिच्यावर. पण तिनं आमच्या भुलाबाईला यायचं कधी कबूल केलं होतं? ज्याच्यावर माया करतो त्याला एकदा विचारायचं नाही? तिला विचारलं नाही, मलाही नाही.

मोठ्या माणसांना निदान कोर्ट आहे. अनिल कपूरांचा चेहरा, आवाज, त्यांचं ते 'झकास'सुद्धा परवानगीशिवाय वापरायचं नाही, असं दिल्ली हायकोर्टानं २०२३ मध्ये सांगितलं. २०२५ मध्ये मुंबई हायकोर्टानं आशाताईंचा आवाज एआयनं उचलायला मनाई केली. व्हायलाच पाहिजे होती, त्या गळ्यामागं सारा जन्म आहे. मी माझं मनगट मागायला कुठं जाऊ?

आज वेचता वेचता जरा निवळलं. दुपारी बांधावर बसून तो व्हिडिओ परत पाहिला, थांबवत थांबवत. एका ठिकाणी टिपरी तोंडासमोरून जाते आणि तो चेहरा फिसकटतो. तेवढ्यात हनुवटी दिसते, आजीनं गोंदवून घेतलेल्या ठिपक्यासकट. मी तिथं आहे. शोधणाऱ्याला सापडेल एवढी आहे. तीनदा पाहिलं, मग ओटी बांधून उठले, कपाशीचं तास अर्धं राहिलं होतं.

संध्याकाळी पिंट्याला बोलावून सगळं सांगितलं, मनगटाचंही. त्यानं माझ्यासमोर पेजवरून व्हिडिओ काढला. इकडंतिकडं गेलेला आता परत येत नाही, हे त्यालाही कळलं असावं, चहा निवेपर्यंत मान खालीच होती. जाताना दारात थांबला. "काकू, तुमचा खरा व्हिडिओ टाकू का पेजवर?"

विचारलं त्यानं. मी अजून हो म्हटलेलं नाही.