ओनेमी, नोंद ७: 'पुढे' आणि 'मागे' काढून टाकले

गेल्या नोंदीत ओनेमीचे, म्हणजे मी रचत असलेल्या कल्पित भाषेचे, काळ पूर्ण झाले असं लिहिलं होतं. मग सरावासाठी केलेली चाळीस वाक्यं परत वाचली आणि त्यातल्या अकरा वाक्यांत मराठी सापडली. शब्द ओनेमीचेच होते, पण 'पुढच्या पावसाळ्यात' म्हणताना मी 'समोर'चा प्रत्यय लावला होता आणि 'मागच्या'साठी 'पाठ'. ओनेमी बोलणाऱ्या, खाडीकाठी राहणाऱ्या, भरती-ओहोटीवर जगणाऱ्या माणसांनी काळ रस्त्यासारखा का मोजावा?

आधी वाटलं, नुसतं उलटं करू. अँडीजमधल्या आयमारा भाषेत 'नायरा' म्हणजे डोळा, समोरची बाजू आणि भूतकाळही. घडून गेलेलं दिसतं म्हणून ते समोर, न दिसणारं भविष्य पाठीशी. कल्पना विलक्षण आहे, पण ती त्यांची आहे. शिवाय तोंड फिरवलं तरी रस्ता तोच राहतो.

वाट सापडली ती खाडीवर. धक्क्यावर जाळं विणत बसलेल्या एका काकांना विचारलं, पाणी कधी भरेल? त्यांनी मान वर न करताच विचारलं, "आज तिथी कुठली? षष्ठी ना? मग तिची पाऊणपट कर." सहाची पाऊणपट साडेचार. म्हणजे भरती साडेचारला. हा कोकणातला जुना हिशेब. भरती रोज साधारण पाऊण तास, नेमकं सांगायचं तर सुमारे ५० मिनिटं, उशिरा येते. अष्टमीला सहा, द्वादशीला नऊ. मी थांबलो. चिखलात कुणाच्या तरी पावलांचा ठसा होता, बोटं स्पष्ट उमटलेली. पाणी आधी टाचेत शिरलं, मग बोटं एकेक करून गेली. ठसा कुठेही 'मागे' गेला नाही, जागच्या जागी बुडाला.

तेव्हापासून ओनेमीत तीन अवस्था आहेत. कोरडं म्हणजे व्हायचं आहे ते, प्रत्यय -सो. ओलं होत असलेलं म्हणजे आत्ता, -मि. बुडालेलं म्हणजे होऊन गेलेलं, -दुन. आणि ओहोटीला बुडालेलं पुन्हा उघडं पडतं, म्हणून चौथा प्रत्यय आपसूक आला, -दुने. जे स्वतः पाहिलंय, आठवतंय, त्यालाच तो लागतो.

वेकु नाल तिमदुन: आईने होडी बांधली (असं ऐकलंय).
वेकु नाल तिमदुने: आईने होडी बांधली (मला आठवतंय).

तुर्कीतही पाहिलेल्या आणि ऐकलेल्या भूतकाळाला वेगळे प्रत्यय आहेत, तेव्हा ही सोय माणसाच्या जिभेला झेपते याची खात्री होती.

'काल' आणि 'उद्या' दोन्ही रद्द केले. इथे मात्र मी मराठीकडून जाणूनबुजून घेतलं. 'परवा आला', 'परवा येईल': परवा फक्त अंतर सांगतो, बाजू क्रियापद सांगतं. ओनेमीत सगळेच असे शब्द परवासारखे. 'पे हुल' म्हणजे दोन भरत्यांएवढं लांब, बस. पे हुल तिमसो, पे हुल तिमदुन.

महिन्याचा हिशेब करताना खूप आनंद झाला. एका भरतीपासून दुसरीपर्यंत साधारण १२ तास २५ मिनिटं, आणि अमावास्या ते अमावास्या साडेएकोणतीस दिवस. भागाकार केला तर जवळजवळ बरोबर ५७ भरत्या येतात. त्यामुळे ओनेमींचा महिना दिवसांचा नाही, ५७ हुलांचा आहे. छोट्या वेळेसाठी तळाला भोक पाडलेली करवंटी पाण्यावर सोडतात. ही अर्थात आपल्या घटिकापात्राची बहीण. २४ मिनिटांची घटका, दिवसाच्या ६०. 'घटका भरली' म्हणताना आपणही काळ भरतो असंच मानतो, हे इतकी वर्षं कसं लक्षात आलं नाही!

एक गाठ अजून सुटलेली नाही. 'असतं तर' कसं म्हणायचं? सध्या मन उधाण आणि भांगावर, म्हणजे मोठ्या आणि लहान भरतीवर, आहे. अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणाला पाणी किनाऱ्याच्या ज्या पट्ट्यापर्यंत चढतं, तिथे भांगाच्या दिवसांत पोहोचत नाही. तो पट्टा ओला होऊ शकला असता, पण झाला नाही. कोरड्यापेक्षा ते वेगळं कोरडेपण आहे, कारण तिथे शंखशिंपल्यांची जुनी रेघ असते. त्यासाठी -होर हा प्रत्यय लावून पाहतोय.

वेकु नाल तिमहोर. आईने होडी बांधली असती.

आता प्रश्न असा की हे वाक्य बोलणाऱ्याला त्या होडीबद्दल आठवत असेल, तर त्याला -होरे म्हणू द्यायचं का? न घडलेलं आठवता येतं का? माझा कल 'हो'कडे आहे, पण वीसेक वाक्यं लिहून झाल्याशिवाय तो कोशात टाकणार नाही. तुम्ही रचलेल्या भाषांत ही जागा कशी भरली आहे, ते नक्की कळवा.